राखेतले बी

१४. राखेतले बी : अकोले तालुक्यात (जि. अहिल्यानगर) वाल, घेवड्याचे बी कडक उन्हात वाळवून, चाळलेली राख व कडुनिंबाचा पाला मिसळून मडक्यात ठेवतात आणि तोंड शेणमातीने लिंपतात. राख ओलावा शोषते. शिवाय तिच्या बारीक कणांनी भुंगेऱ्यांच्या अंगावरचा मेणचट थर खरवडला जातो व ते सुकून मरतात. विकतच्या संकरित बियाण्यामुळे घरचे बी राखणे मागे पडले, तसे अनेक गावरान वाण नाहीसे झाले. कोंभाळणे येथील राहीबाई पोपेरे यांनी असे वाण गोळा करून घरोघरी वाटले. त्यांना २०२० ची पद्मश्री मिळाली. बी राखण्याचा, पेरण्याचा व अदलाबदलीचा शेतकऱ्याचा हक्क २००१ च्या केंद्रीय कायद्याने मान्य केला आहे. – संपा.