बाटलीतल्या गंगारामाची कुळकथा

चाळिशी ओलांडलेल्या कुणापुढेही नुसतं ‘बाटलीतला गंगाराम’ म्हणा, लक्ष्मीकांत बेर्डे आठवणारच. गंगाराम ज्यात होता तो महेश कोठारे यांचा ‘धडाकेबाज’ चित्रपट १९९० सालचा. गंगारामाचं कूळ मात्र फार जुनं आहे आणि लांबचं.

मूळपुरुष अरबी. ‘एक हजार एक रात्रीं’मधल्या कोळ्याच्या जाळ्यात एक सुरई येते. तोंडाला शिसं ओतलेलं, त्यावर सुलेमानाची मोहोर. आतला जिन सुटतो तो सोडवणाऱ्याचाच जीव घ्यायला! शतकं लोटली तरी कुणी फिरकलं नाही, म्हणून उपकार फेडण्याची त्याची शपथ सूडाची झालेली. ‘एवढा मोठा तू या सुरईत मावलास कसा?’ असं विचारून कोळी त्याला परत आत घालतो.

दिव्यातला जिन दुसऱ्या वाटेने आला. अल्लाउद्दीनची गोष्ट जुन्या अरबी हस्तलिखितांत नाहीच. अलेप्पोच्या हन्ना दियाब नावाच्या तरुणाने ती १७०९ साली पॅरिसमध्ये आंत्वान गालाँ यांना सांगितली. गालाँनी ती फ्रेंचमध्ये लिहून छापली, पण पुस्तकात दियाबचा उल्लेख केला नाही. तो त्यांच्या रोजनिशीत राहिला. जगभरच्या मुलांना ज्याने दिवा घासायला शिकवलं, त्याचं नाव घेतल्याशिवाय ही कुळकथा सांगूच नये.

मराठीत हा खजिना पुण्यात उघडला. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी १८६१ पासून इंग्रजीवरून ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी’ आणल्या. पुढे विष्णुशास्त्र्यांचाही हात त्या कामाला लागला. पडद्यावर १९५२ साली होमी वाडियांनी महिपाल आणि मीनाकुमारीला घेऊन ‘अल्लादीन और जादुई चिराग’ काढला.

कोठाऱ्यांनी केलेला बदल मला या साऱ्या प्रवासात सगळ्यांत मोलाचा वाटतो. बाटलीतून आभाळाला टेकणारा जिन निघत नाही. निघतो तो इवलासा, खुद्द लक्ष्याच्याच, म्हणजे बेर्डेंच्याच, चेहऱ्याचा माणूस. ‘काय हुकूम’ म्हणून हात जोडणारा गुलाम तो नव्हे. त्याची सगळी जादू वाळूत आहे, आणि वाळू वापरली की सरते. अल्लाउद्दीनने दिवा कितीदा घासावा याला हिशेब नव्हता. लक्ष्याला मात्र प्रत्येक मागणीआधी बाटलीत उरलंय किती, ते पाहावं लागतं.