सर ससून डेव्हिड : मुंबईने मानलेला यहुदी

वेम्बलीत राहणाऱ्या आम्हा बेने इस्राएलांना बँक ऑफ इंडियाची पाटी नवी नाही. काहींनी तेथे खाती उघडली. काहींनी तेथूनच मुंबईला, ठाण्याला भावाबहिणींस पैसे पाठविले. पण ही बँक स्थापन करण्यात ज्यांचा मोठा पुढाकार होता ते गृहस्थ यहुदी होते, ही गोष्ट आमच्या नातवंडांना तर नाहीच, आमच्या वयाच्या पुष्कळांनाही ठाऊक नसते. त्यांचे नाव सर ससून जेकब डेव्हिड.

नावावरून घोटाळा होतो, म्हणून प्रथमच सांगून टाकू. पुण्याचे ससून रुग्णालय आणि भायखळ्याचे मागेन डेव्हिड सिनेगॉग ज्यांच्यामुळे उभे राहिले ते डेव्हिड ससून निराळे. आमच्या चरित्रनायकाचे पाळण्यातले नाव ससून आणि आडनाव डेव्हिड. मात्र त्या घराण्याशी त्यांची सोयरीक झाली. डेव्हिड ससून यांचे पुत्र एलायस यांची कन्या हॅना ही त्यांची पत्नी.

ससून डेव्हिड यांचा जन्म १८४९ सालचा. कापूस आणि सूत यांच्या व्यापारात त्यांनी हात घातला, स्वतःच्या नावाची पेढी काढली आणि पुढे ते गिरणीमालक झाले. गिरणीमालक संघाचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. १९०५ साली ते मुंबईचे शेरीफ झाले व त्याच साली त्यांना 'सर' ही पदवी मिळाली. १९११ साली ते बॅरोनेट झाले.

बँक ऑफ इंडिया ७ सप्टेंबर १९०६ रोजी सुरू झाली. भरणा झालेले भांडवल ५० लाख रुपये, कचेरी एक आणि नोकर ५०. काळ स्वदेशीचा होता. संस्थापकांत पारशी, हिंदू, मुसलमान आणि यहुदी असे सर्व होते. प्रत्येक जमातीची पेढी आपापल्या माणसांपुरती पाहत असे, तेव्हा एका मेजाभोवती हे सगळे बसले हेच विशेष. १९१३ साली मुंबईतली इंडियन स्पेशी बँक बुडाली. तिच्यासारख्या आणखी कित्येक देशी बँका त्या सुमारास बुडाल्या आणि ठेवीदारांच्या डोळ्यांत पाणी आले. बँक ऑफ इंडिया मात्र टिकली. १९४६ साली तिने लंडनमध्ये शाखा उघडली. आमच्यातले पहिले लोक या देशात आले तेव्हा ओळखीचे असे फार थोडे होते. त्यात ही एक बँक होती.

व्यापारातून सर ससून शहराच्या कारभारात आले. १९२१-२२ साली ते मुंबई महानगरपालिकेचे अध्यक्ष झाले. 'महापौर' हे नाव त्या पदाला १९३१ पासून मिळाले, पण मान तोच. त्यांच्या वाट्याला आलेले वर्ष सोपे नव्हते. १७ नोव्हेंबर १९२१ रोजी प्रिन्स ऑफ वेल्स मुंबईत उतरले. एका बाजूस सरकारी स्वागत, दुसऱ्या बाजूस बहिष्कार, आणि त्याच दिवशी शहरात दंगल पेटली. पन्नासांहून अधिक माणसे प्राणांस मुकली. गांधीजींनी उपवास केला. सरकारने सन्मान दिलेला माणूस आणि लोकांच्या शहराचा अध्यक्ष ही दोन्ही नाती अशा वेळी एका माणसाला सांभाळायची होती. ते किती जड गेले असेल याची कल्पना आपल्यापैकी कोणीही करू शकेल.

आता मनात सलणारी गोष्टही बोलली पाहिजे. सर ससून बगदादी होते, आपण बेने इस्राएल. बगदादी मंडळींनी आपल्याला नेहमीच भाऊ मानले असे नाही. १८३६ साली त्यांच्यातील काहींनी सरकारकडे अर्ज करून मुंबईच्या सामाईक दफनभूमीत मधे भिंत घालून मागितली. पुढेही त्यांच्या काही सिनेगॉगांत आपल्या माणसास मिनयानमध्ये धरीत नसत. त्यांच्या गिरण्यांत आपले लोक नोकरीला होते, पण पंगतीला नव्हते. आमच्या वडीलधाऱ्यांनी हे दुःख गिळले आणि ते गेले. मग अशा समाजातल्या धनिकाचे गुणगान आम्ही का करावे, असा प्रश्न कोणी विचारला तर तो रास्त आहे.

आमचे उत्तर असे. भिंत दफनभूमीत होती. महानगरपालिकेच्या सभागृहात ती नव्हती. तेथे बसलेल्या माणसाला नळाचे पाणी, गटारे, दिवे आणि रोगराई यांचा विचार करायचा होता. इस्राएल मोहल्ल्यातल्या घरात येणारे पाणी बगदादी की बेने इस्राएल असे विचारून येत नसे. सर ससून यांच्या देणगीतून 'सर ससून डेव्हिड ट्रस्ट फंड' उभा राहिला आणि त्याचा पैसा मुंबई इलाख्यातल्या शेतीच्या सुधारणेसाठी लागला. त्यात यहुदी शेतकरी किती असणार? कुलाबा जिल्ह्यात घाणा चालविणारे आणि थोडीबहुत जमीन कसणारे आमचे शनवार तेली सोडले तर कोणीच नाही. तरी पैसा दिला. त्सदाका आपल्या उंबऱ्याबाहेर गेली की तिची किंमत वाढते.

आणखी एक गोष्ट झाली. मुंबईने एका यहुद्याला शहराच्या सर्वोच्च खुर्चीवर बसविले, त्यानंतर सोळा वर्षांनी, १९३७-३८ साली, तीच खुर्ची आपल्या डॉ. एलिजा मोझेस राजपूरकर यांना मिळाली. ते बगदादी नव्हते, धनाढ्य गिरणीमालक नव्हते. ते बेने इस्राएल डॉक्टर होते. महालक्ष्मीहून वरळीकडे जाणारा डॉ. ई. मोझेस रोड आजही त्यांचे नाव सांगतो. सिनेगॉगने जी रांग वेगळी ठेवली ती शहराने एक केली.

सर ससून १९२६ साली निवर्तले. त्यांचे पुत्र सर पर्सिव्हल डेव्हिड यांचा जन्म मुंबईत १८९२ साली झाला. त्यांनी चिनी मातीच्या भांड्यांचा जगप्रसिद्ध संग्रह केला आणि १९५० साली लंडन विद्यापीठाला देऊन टाकला. सुमारे १७०० वस्तूंचा हा ठेवा आता ब्रिटिश म्युझियमच्या ९५ क्रमांकाच्या दालनात आहे. त्यात १३५१ सालचे निळ्या नक्षीचे दोन उंच कलश आहेत. पाहायला पैसे पडत नाहीत. वेम्बली पार्कहून मेट्रोपॉलिटन लाइनने युस्टन स्क्वेअरला उतरावे आणि गुडघे साथ देत असतील तर पुढे पायी जावे.

नातवंडांना घेऊन एकदा अवश्य जावे. काचेमागची भांडी दाखवावीत आणि सांगावे, की हे मुंबईच्या एका यहुदी घराण्याने दिले. त्यांच्याआमच्यात भिंत होती हेही सांगावे, लपवू नये. आणि भिंतीपलीकडच्या त्या माणसाने आपल्या शहरासाठी काम केले, हेही तितक्याच मोकळेपणाने सांगावे. शालोम.