फुटेज: एका मापाची कुळकथा

चोरी झाली की तळोज्याच्या कारखान्यातला पहारेकरीदेखील आता “फुटेज काढा” असे सहज म्हणून जातो. परंतु ज्या फुटावरून हा शब्द जन्मला, त्या फुटाचा आणि त्याच्या डोक्यावरील कॅमेऱ्याचा काडीइतकाही संबंध उरलेला नाही, हे त्याच्या ध्यानी येण्याचे कारण नाही.

पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फितीवर एका फुटात 16 चौकटी बसत आणि बोलपटाच्या यंत्रातून सेकंदाला 24 चौकटी सरकत, म्हणजे मिनिटाला 90 फूट फीत खर्ची पडे; तेव्हा कोरी फीत घ्यायची ती फुटाने, धुऊन घ्यायची ती फुटाने, आणि दुसऱ्याच्या संग्रहातील एखादी मिरवणूक वा महापूर आपल्या पटात घालावयाचा, तर त्याचेही मोल कापडासारखे फुटानेच ठरे. आज तो भाव सेकंदावर आला. नाव मात्र गजपट्टीचेच राहिले.

मोजण्याची ही दक्षता जपण्यात नव्हती. सावेदादा भाटवडेकरांनी 1901 च्या डिसेंबरात विलायतेहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांच्या स्वागताची टिपलेली फीत आज पाहावयास मिळत नाही. 1931 च्या ‘आलम आरा’ची एकही प्रत ज्ञात नाही. फितीच्या लेपात चांदी असे, आणि चित्रापेक्षा चांदीला गिऱ्हाईक लवकर मिळे, हे अशा नाशामागचे एक रोकडे कारण. पुण्यास 1964 साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन होऊन पी. के. नायरांसारखा चिकाटीचा संग्राहक लाभला, तोवर पुष्कळ चित्रे आटणीत गेली होती.

जे उरले तेही मागताक्षणी मिळत नाही, आणि न मिळावे हेच योग्य. कारण फितीचा कब्जा एकाकडे आणि हक्क दुसऱ्याकडे; वाडा एकाच्या वहिवाटीत नि सनद दुसऱ्याच्या पेटीत असावी तसा हा मामला असतो. 1957 च्या प्रताधिकार कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढील वर्षारंभापासून 60 वर्षे चालतो, म्हणून 1964 चा पट 2025 च्या आरंभी मोकळा झाला. पण त्यातल्या गीताचा हक्क गीतकाराच्या मृत्यूनंतरच्या 60 वर्षांचा, तेव्हा पट मोकळा नि गाणे बांधलेले, असा प्रसंग येतोच. परवान्यात मुलूख, मुदत आणि माध्यम ही तिन्ही लिहून घ्यावी लागतात. दूरचित्रवाणीपुरता घेतलेला तुकडा चित्रपटगृहात चालत नाही.

हक्काचा हा गुंता जुन्या पटांपुरताच नाही. ऑगस्ट 2017 मध्ये तळोज्याच्या औद्योगिक वसाहतीत निळी पडलेली भटकी कुत्री दिसली, कासाडी नदीत सोडलेल्या रंगाकडे बोट दाखवले गेले, आणि ती चित्रे जगभर फिरली. या नदीवर पुढे कोणी अनुबोधपट करील तेव्हा त्याला ती लागतील, आणि “ही कोणाची?” हा प्रश्न पहिल्याच दिवशी पडेल, कारण हातोहात फिरलेल्या चित्रावर टिपणाऱ्याचे नाव क्वचितच टिकते. ज्या तळोजेकरांच्या फोनमध्ये त्या दिवसांतले काही असेल, त्यांनी ते पुसू नये, आणि कोणी, कोठे, कोणत्या तारखेस टिपले, एवढे एका कागदावर लिहून ठेवावे.