फिर्यादीच आरोपी : ऑस्कर वाइल्डचे खटले आणि चित्रपट

ऑस्कर वाइल्डच्या न्यायालयीन अधःपातावर १९६० साली इंग्लंडमध्ये अवघ्या काही दिवसांच्या अंतराने दोन चित्रपट प्रदर्शित झाले. एकात रॉबर्ट मॉर्ले, तर दुसऱ्यात पीटर फिंच वाइल्डच्या भूमिकेत होता. पुढे १९९७ साली ब्रायन गिल्बर्ट यांनी दिग्दर्शित केलेला ‘वाइल्ड’ आला. त्यात स्टीफन फ्राय हा नायक आहे. हे चित्रपट पाहून प्रेक्षक हळहळतो. परंतु एका निरपराध कलावंताला कोणीतरी न्यायालयात खेचले, असा समज घेऊन तो उठण्याचा संभव असतो. इतिहास याहून अधिक बोचरा आहे. न्यायालयाची पायरी प्रथम वाइल्डनेच चढली होती.

लॉर्ड आल्फ्रेड डग्लस या तरुणाशी वाइल्डची असलेली जवळीक त्याच्या पित्याला, क्वीन्सबरीच्या मार्क्विसला, खपत नव्हती. १८ फेब्रुवारी १८९५ रोजी त्याने वाइल्डच्या क्लबात एक कार्ड ठेवले. त्यावर समलिंगी वर्तनाचा आरोप होता आणि त्यातील मुख्य शब्द अशुद्ध लिहिलेला होता. त्या वेळी लंडनच्या रंगभूमीवर वाइल्डची दोन नाटके एकाच वेळी चालू होती. बर्नार्ड शॉ आणि फ्रँक हॅरिस यांनी प्रकरण सोडून देण्याचा सल्ला दिला. तो न मानता वाइल्डने अब्रुनुकसानीची फौजदारी फिर्याद चालूच ठेवली. आरोप खरे आहेत काय, असे त्याच्या वकिलांनी विचारले असता त्याने साफ इन्कार केला.

येथे १८४३ च्या कायद्यातील तरतूद ध्यानात घ्यावयास हवी. मजकूर खरा असून तो लोकहितासाठी प्रसिद्ध केला, असे आरोपीने सिद्ध केले की तो सुटे. सत्य आणि लोकहित ही जोड आपल्या १८६० च्या दंडसंहितेत आली आणि २०२३ च्या भारतीय न्याय संहितेतही कायम आहे. साहजिकच मार्क्विसच्या बाजूने खाजगी गुप्तहेर लावून साक्षीदार गोळा केले. फिर्याद मार्क्विसविरुद्ध असली, तरी चौकशी वाइल्डच्या आयुष्याची सुरू झाली.

३ एप्रिल रोजी उलटतपासणीस उभे राहिले एडवर्ड कार्सन, डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजातील वाइल्डचे सहाध्यायी. वाइल्डने शपथेवर आपले वय एकोणचाळीस सांगितले होते. ते चाळिशीपार आहे, हे कार्सन यांनी आरंभीच वदवून घेतले. सरकारी नोकरीत आम्हांलाही खात्याच्या वतीने साक्षीला उभे राहावे लागे. ‘विचारले तेवढेच सांगा,’ एवढीच सूचना वकील देत. वाइल्डला नेमके हेच जमले नाही. एका तरुणाचे चुंबन घेतले होते काय, या प्रश्नाला नुसता नकार पुरेसा होता. तो मुलगा दिसायला बरा नव्हता, अशी पुस्ती वाइल्डने जोडली. म्हणजे बरा असता तर? कार्सन यांनी तो धागा सोडला नाही. ज्या हजरजबाबीपणावर नाट्यगृहे हसत, त्यानेच न्यायालयात घात केला.

५ एप्रिल रोजी फिर्याद मागे घेण्यात आली, मार्क्विस सुटला आणि त्याच दिवशी वाइल्डला अटक झाली. नाट्यगृहांच्या फलकांवरून त्याचे नाव उतरले. २४ एप्रिल रोजी घरातील पुस्तके आणि सामान लिलावात गेले. त्याच्यावरील पहिल्या खटल्यात ज्यूरींचे एकमत झाले नाही. दुसऱ्यात, २५ मे रोजी, १८८५ च्या कायद्याखाली दोन वर्षे सक्तमजुरीची शिक्षा झाली. सुटकेनंतर तो इंग्लंडबाहेरच राहिला आणि ३० नोव्हेंबर १९०० रोजी पॅरिसमध्ये वारला.

वाइल्डचे खोटे बोलणे आम्ही झाकू इच्छित नाही. परंतु खरे बोलण्याची किंमत तुरुंगवास असेल, तर त्या खोट्याचा दोष सर्वस्वी त्याच्याच माथी मारणे न्याय्य नव्हे. प्रौढांमधील असे खाजगी संबंध इंग्लंडमध्ये १९६७ साली गुन्ह्यातून वगळले गेले. आपल्याकडे त्यासाठी ६ सप्टेंबर २०१८ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यावा लागला. म्हणजे १९६० चे दोन्ही चित्रपट बनले, तेव्हा वाइल्डचा गुन्हा इंग्लंडमध्ये गुन्हाच होता.

पहिल्या खटल्याचे सविस्तर टिपण २००३ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले. संपादक होते वाइल्डचे नातू मर्लिन हॉलंड. लोकनिंदेपायी वाइल्डच्या पत्नीने स्वतःचे आणि दोन मुलांचे आडनाव बदलून हॉलंड केले होते. तेच आडनाव नातवाकडे आले. चित्रपट अवश्य पाहावेत. त्यानंतर हे टिपणही वाचावे. नाव टाकून द्यावे लागलेल्या घरातूनच आजोबांचे खरे शब्द जगापुढे आले, याचे आम्हांला मोठे समाधान वाटते.