जमा कोणाची, नावे कोणाच्या

अकरावीच्या पुस्तपालनाच्या पुस्तकात नावे बाजू डावीकडे असते आणि जमा उजवीकडे. पतसंस्थेच्या किर्दीत, म्हणजे रोजच्या नोंदवहीत, मात्र डावे पान जमेचे. नवा कारकून इथे अडखळतो आणि जुनी रीत अडाण्यांची असावी, असा ग्रह करून घेतो. तो खरा नाही. किर्दीत पैसे आले की देणाऱ्याच्या खाती जमा होतात आणि खतावणीतही जमेकडेच उतरतात. गेले की घेणाऱ्याच्या नावे पडतात. रोकडीचे वेगळे खाते उघडायची गरज पडत नाही, दिवसअखेरची शिल्लक किर्दच सांगते. इंग्रजी रीतीत पेटीने पैसे घेतले म्हणून ते पेटीच्या नावे लिहायचे. आपल्या किर्दीत पेटी गप्प असते आणि माणूस पुढे असतो. मराठी हिशेबाची भाषा नफा मोजण्यापेक्षा जबाब मागण्यासाठी घडली, असे मला वाटते, आणि ती घडण पेशवाईच्या दप्तरात सर्वांत स्पष्ट दिसते.

त्या काळी परगण्यात वसुली पाहणाऱ्या कमाविसदाराबरोबर त्याच्यावर नजर ठेवणारे अधिकारी, म्हणजे दरखदार, असत. त्यांना काढून टाकणे कमाविसदाराच्या हाती नव्हते. मुजुमदार हिशेब तपासून पुढे पाठवी, फडणीस रोजकीर्द लिही, दफ्तरदार तिच्यावरून खतावणी करून दरमहा गोषवारा हुजुरास धाडी, पोतनीस वसूल आणि शिल्लक सांभाळी, पोतदार नाणी पारखी. रुपया एक, पण त्याला इतक्या जणांचे हात लागत आणि प्रत्येकाचा कागद दुसऱ्याच्या कागदाशी जुळावा लागे. रोजकीर्द, खतावणी, तेरीज, ताळेबंद ही नुसती वह्यांची नावे नव्हेत; एकाचे लिहिणे दुसऱ्याने पडताळण्याच्या त्या पायऱ्या होत. आज ताळेबंद म्हणजे एका तारखेची येणी-देणी. तेव्हा तो वर्षाच्या जमाखर्चाचा तक्ता असे. वर्षही मृग नक्षत्रापासून धरलेले, कारण वसूल पेरणीच्या मागून येणार. साल अरबी शब्दांत लिहीत, ‘समान सबैन मया व अलफ’ म्हणजे ११७८, आपले इ. स. १७७७-७८. रकमेपुढे एक उभी रेघ म्हणजे पाव, दोन म्हणजे अर्धा: ५॥ हे साडेपाच रुपये. सव्वा, दीड, अडीच यांचे पाढे मुले घोकत, ते या रेघांसाठीच. १ एप्रिल १९५७ ला दशमान नाणी आली तेव्हा त्या घोकंपट्टीतला बराचसा अर्थ संपला.

ही भाषा तर फारसी-अरबीतून आलेली, मग तिच्यात मराठीपण कसले, असा आक्षेप येतो. शब्द उसने आहेत, हे कबूल. पण इतिहासकार फिरिश्ता सांगतो की विजापूरच्या पहिल्या इब्राहिम आदिलशहाने (१५३४-५८) सरकारी हिशेब फारसीतून काढून देशी भाषेत, ब्राह्मण कारकुनांच्या हाती दिले. शब्द राहिले, लिहिणारे इथलेच झाले. पुढे शिवाजी महाराजांच्या आज्ञेवरून रघुनाथपंत हणमंते यांनी राज्यव्यवहारकोश रचून फारसी शब्दांना संस्कृत पर्याय दिले. प्रधानांच्या पदव्या बदलल्या, तरी जमा, खर्च, बाकी, वसूल जागचे हलले नाहीत. हिशेबातला शब्द मागल्या वर्षीच्या कागदाशी जुळावा लागतो. तो मध्येच बदलला तर रुजवात घालायची कशाशी?

दुसरा आक्षेप अधिक वजनदार. यात प्रत्येक व्यवहार दोन खात्यांत लिहिण्याची द्विनोंदी पद्धत कुठे आहे? बी. एम. लाल निगम यांनी १९८६ मध्ये असा दावा केला की इटलीतील पाचोली यांच्या १४९४ च्या ग्रंथाआधीपासून बहीखात्यात ती होती. पुढच्याच वर्षी क्रिस्टोफर नोब्ज यांनी त्यासाठी पुरेसा पुरावा नसल्याचे दाखवले. मला नोब्ज यांची बाजू पटते आणि त्यात कमीपणा वाटत नाही, कारण सरकारी दप्तराचे काम नफा काढण्याचे नव्हतेच. सावकाराच्या वहीत व्याज आणि वटाव असत, त्याला नफा कळायला हवा होता. सरकारला हवे होते ते वेगळेच: कमाविसदाराने आगाऊ भरलेली रसद किती, वसूल किती, बाकी कोणाकडे.

दप्तर जाब विचारण्यासाठी इतके नेटके बांधलेले होते, तर मग शेवटच्या पेशव्याच्या, दुसऱ्या बाजीरावाच्या, काळात त्याची आबाळ का झाली? बाजीरावाने मामलती मक्त्याने देण्याची रीत वाढवली. मक्तेदाराकडून ठोक आकडा घ्यायचा ठरल्यावर पोटहिशेब मागण्याची निकड उरत नाही आणि जाब विचारणारा दरखदार नकोसा होतो. दप्तर ढासळले ते कारकुनांची अक्कल कमी पडली म्हणून नव्हे, मागणाराच उरला नाही म्हणून. जुने कागद मात्र टिकले. ते पुढे इंग्रजांच्या कामी आले: १८५२ च्या कायद्यान्वये इनाम कमिशनने दाव्यांची चौकशी केली तेव्हा सनद खरी की बनावट, इनाम कधी आणि कोणाच्या नावे चालू होते, हे याच दप्तरातून पडताळले गेले. पेशव्यांच्या कमाविसदारांना जाब विचारणाऱ्या किर्दी आता इनामदारांविरुद्ध साक्ष देऊ लागल्या, आणि कित्येकांची इनामे त्यात गेली.