मिरचीचं माहेर

गेल्या मार्चमध्ये सासूबाई कोल्हापूरहून नेपरव्हिलला आल्या. बॅगेत नेहमीप्रमाणे कांदा-लसूण चटणी. त्याच आठवड्यात लेकीला शाळेत ‘आमच्या घरचा पदार्थ’ यावर बोलायचं होतं. तिने निवडला आमचा शनिवार सकाळचा स्पॅनिश धाटणीचा फ्रिटाटा: अंडी, बटाटा, ढोबळी मिरची आणि चीज. आजी म्हणाल्या, "अगं, हे आपलं कुठंय? पिठलं-भाकरी सांग की!" लेक गप्प झाली. शाळेत डब्यावरून ती ‘तिकडची’ ठरते आणि घरात ताटावरून ‘इकडची’. त्या रात्री मी जुनी पुस्तकं काढून बसले.

चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याच्या बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लासा’त खाण्यापिण्याचं सविस्तर वर्णन आहे. त्यात मिरी आहे, हिंग आहे. मिरची नाही, बटाटाही नाही. ज्ञानेश्वरी 1290 मध्ये पूर्ण झाली, तेव्हाही महाराष्ट्रात कुणी मिरची पाहिली नव्हती. तिखटपणा मिरी, आलं, पिंपळी यांचाच.

मिरची तेव्हा मेक्सिकोत आणि दक्षिण अमेरिकेत हजारो वर्षं पिकत होती. 1492 मध्ये कोलंबस निघाला तो आपल्याकडच्या मसाल्यांच्या शोधात. त्याला मिरी मिळाली नाही, मिरची मिळाली. स्पॅनिशमध्ये मिरीला ‘पिमिएन्ता’ म्हणतात, म्हणून या नव्या फळाला ‘पिमिएन्तो’ म्हटलं गेलं. वास्को द गामा 1498 मध्ये कालिकतला पोहोचला, 1510 मध्ये पोर्तुगीजांनी गोवा घेतला, आणि त्यांच्या जहाजांबरोबर मिरची आपल्या किनाऱ्यावर उतरली. आपणही तिचं नाव मिरीवरूनच ठेवलं! बटाटा, काजू, अननस हे शब्दही पोर्तुगीजांकडूनच आले.

स्पेनमध्ये अँडीज पर्वतातल्या बटाट्याची आणि अंड्यांची गाठ पडून ‘तोर्तिया’ झाली. फ्रिटाटा हे तिच्या इटालियन बहिणीचं नाव. ढोबळी मिरची मात्र तिखट मिरचीचीच गोड बहीण. जनुकातल्या एका बदलामुळे तिच्यात तिखटपणा नसतो.

सकाळी हे सगळं मी आजींना सांगितलं. त्या थोडा वेळ चटणीच्या बरणीकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "म्हणजे मी हिला माहेरी घेऊन आले म्हणायची." लेक खळखळून हसली आणि नकाशा काढायला बसली. मेक्सिको, सेव्हिल, लिस्बन, गोवा, कोल्हापूर, नेपरव्हिल.

आता कृती. दोन ढोबळ्या मिरच्या आणि एक कांदा उभे चिरून ऑलिव्ह तेलात मंद आचेवर 12-15 मिनिटं परता. इथे घाई करू नका. उकडलेल्या बटाट्याच्या चकत्या घाला. सहा अंडी मीठ घालून फेटा, अर्धी वाटी किसलेलं चीज मिसळा आणि ओव्हनमध्ये चालणाऱ्या तव्यात ओता. कडा धरल्या की तवा 375 अंश फॅरनहाइटला 12 ते 15 मिनिटं ओव्हनमध्ये ठेवा. स्पेनमध्ये ताटली झाकून तोर्तिया उलटतात. आजींना तीच रीत पटली, कारण ओव्हनवर त्यांचा विश्वास नाही.

त्या शनिवारी त्यांनी आपल्या वाट्याच्या तुकड्यावर अर्धा चमचा चटणी भुरभुरली. लेकीनेही ताटली पुढे केली.