कुरूप पिल्लू आणि जन्माची अट

परीकथा निरुपद्रवी असतात असे आपण समजतो. पण कोण आपला, कोण परका याचा पहिला धडा मूल याच कथांतून घेते. म्हणून त्यांचा इतिहास तपासणे आपल्या चळवळीचेही काम आहे.

बोलपटाच्या आरंभकाळात वॉल्ट डिस्ने यांच्या संस्थेने 'सिली सिम्फनी' ही संगीतप्रधान लघु-व्यंगचित्रपटांची मालिका काढली. १९२९ ते १९३९ या काळात तिच्यात ७५ चित्रपट निघाले. कुरूप बदकपिल्लाची कथा त्यांत दोनदा आली. मूळ कथा हान्स ख्रिश्चन अँडरसन यांची, १८४३ची. ते डेन्मार्कमधल्या ओडेन्सेचे. बाप जोडे शिवणारा, आई लोकांची धुणी धुणारी.

१९३१चा चित्रपट कृष्णधवल. त्यात कथा पार बदलली आहे. कोंबडीच्या पिलांत एक बदकाचे पिल्लू निघते. कोंबडी त्याला झिडकारते. पुढे वादळात तिची पिले नदीत वाहू लागतात, तेव्हा हे झिडकारलेले पिल्लूच त्यांना वाचवते. मग कुठे ती त्याला जवळ घेते.

१९३९चा चित्रपट रंगीत, मूळ कथेच्या जवळचा. त्याला ऑस्कर मिळाले. यातल्या पिल्लाचा आवाजही भावंडांहून निराळा. तोंड उघडताच ते परके ठरते. बोलीवरून जात ताडणाऱ्यांच्या देशात हे वेगळे समजावून सांगायला नको. शेवटी हंसीण भेटते आणि पिल्लू जन्मानेच हंस असल्याचे ठरते. आपल्याकडे ग. दि. माडगूळकरांच्या गीतातून घरोघर पोचली ती हीच राजहंसाची कथा.

पहिल्या चित्रपटात जीव धोक्यात घालून लायकी सिद्ध करावी लागते. दुसऱ्यात जन्मच श्रेष्ठ निघावा लागतो. मला पहिला अधिक जवळचा वाटतो, कारण त्यात पिल्लू अखेरपर्यंत बदकच राहते. तरीही झिडकारणाऱ्यांना जाब दोन्हींत कुणी विचारत नाही.

मी घरातला पहिला पदवीधर. प्राध्यापक झाल्यावर 'तुम्ही त्यांच्यातले वाटत नाही' असे कौतुकाने सांगणारे मला भेटले. त्या कौतुकात हंसाचीच कथा आहे : एकजण हंस ठरतो आणि त्याची सारी वस्ती कुरूपच राहते.

आपल्या मुलांना तिसरी कथा हवी आहे. तीत पिल्लू बदकच असेल, त्याने कुणाला वाचवलेले नसेल, आणि तरीही तळ्यावर त्याचा इतरांइतकाच हक्क असेल. महाडच्या चवदार तळ्यावर १९२७ साली बाबासाहेबांनी ती कथा प्रत्यक्षात घडवली. मुलांसाठी ती लिहिणे आता आपल्याकडे आहे.